सुमित्रा भावे यांची दृष्टि

आमच्या पळसदरीस पाऊस लागला म्हणजे घाटाकडील डोंगर दिवसचे दिवस दिसेनासे होतात. अशाच एका संध्याकाळीं ‘दिठी’ हा चित्रपट दुसऱ्यांदा पाहिला आणि कै. सुमित्रा भावे (१९४३–२०२१) यांच्या कार्याविषयीं चार शब्द लिहावेसे वाटले. या मुलुखांत चित्रपट म्हटला कीं चौकजवळच्या चित्रनगरींतील राजवाडे आठवतात. सुमित्राबाईंना राजवाड्यांची गरज कधींच पडली नाहीं.

बाई मूळच्या समाजकार्याच्या अभ्यासक. ज्या स्त्रियांविषयीं संशोधन करावयाचें, त्यांनाच तें वाचतां येत नाहीं, या अडचणींतून ‘बाई’ (१९८५) हा लघुपट जन्मला. तेव्हां त्यांनीं चाळिशी ओलांडलेली होती आणि चित्रविद्येचें रीतसर शिक्षण मुळींच नव्हतें. पुढें ‘दोघी’सारख्या (१९९५) चित्रपटांचें सुनील सुकथनकर यांच्यासह त्यांनीं दिग्दर्शन केलें, लेखनाची धुरा मात्र प्रामुख्यानें बाईंचीच राहिली.

त्यांच्यावर एक आक्षेप नेहमीं येतो: ‘देवराई’ छिन्नमनस्कतेवर, ‘अस्तु’ स्मृतिभ्रंशावर, ‘कासव’ नैराश्यावर, मग ही कला कीं आरोग्यप्रचार? आक्षेप अगदींच निराधार आहे असें आम्ही म्हणणार नाहीं. ‘कासव’ला २०१६ सालचें सुवर्णकमळ मिळालें, तरी त्यांतील पात्रें जें प्रेक्षकाला उमगलेलें असतें तेंच पुनः समजावून सांगूं लागतात. शिक्षिका तेथें कलावतीच्या पुढें येऊन उभी राहते.

परंतु ‘अस्तु’ पाहावा. संस्कृताचा गाढा पंडित आपलें नांवही विसरून एका हत्तीमागें चालूं लागतो, आणि माहुताची बायको त्याला लेंकरासारखें जेवूं घालते. तिला त्याच्या रोगाचें नांव ठाऊक नाहीं, विद्वत्तेचेंही नाहीं. जन्मभर मिळविलेलें ज्ञान गळून गेल्यावर माणसाचें काय उरतें, हा खरा प्रश्न. रोग केवळ निमित्त. या चित्रपटाच्या संवादांसाठीं बाईंना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तो यथार्थ होता.

‘दिठी’ त्याहून पुढें जातो. दि. बा. मोकाशींच्या कथेवरील या चित्रपटांत वारकरी रामजीचा तरुण मुलगा पुरांत वाहून जातो. जन्मभर गाइलेले अभंग त्याच्या दुःखापुढें मुके होतात. मग अडलेली गाय सोडविण्याचें काम त्याच्याकडे येतें, आणि वांसरूं बाहेर ओढणाऱ्या त्याच्या हातांनाच जें कळतें तें कोणीही बोलून दाखवीत नाहीं. पस्तीस वर्षें लोकांना समजावून सांगणाऱ्या लेखिकेनें अखेरीस आपल्या शब्दांना आवर घातला, हा आमच्या मतें तिचा सर्वांत मोठा विजय होय.

चित्रपट २०२१ च्या मे महिन्यांत प्रदर्शित झाला. बाई एप्रिलमध्येंच गेल्या होत्या. ज्यांना त्या केवळ प्रचारक वाटतात, त्यांनीं प्रथम हीं दोन चित्रें पाहावीं आणि मग मत बनवावें.