प्रतिसरकारच्या स्मृतीतील स्त्री

24 ऑगस्ट 1942 रोजी कराडच्या कचेरीवर मोर्चा निघाला. जुन्या सातारा जिल्ह्यातील अशा मोर्चांनी जी भूमी तयार केली, तिच्यातूनच 1943 ते 1946 या काळातील प्रतिसरकार उभे राहिले. या पर्वावर मराठीत विपुल लेखन झाले आहे. त्यात पुरुष नावागावानिशी येतात. स्त्रिया मात्र बहुधा नात्याने येतात. कोणी नाना पाटलांची कन्या, कोणी भूमिगताची पत्नी, कोणी भाकरी देणारी माउली. न्यायनिवाड्यांच्या वर्णनांत स्त्री दिसते खरी, परंतु अन्यायपीडित म्हणून. निवाडा करणारे पुरुषच.

हौसाबाई पाटील (निधन 2021) यांची भवानीनगरची हकिकत या दृष्टीने पाहण्यासारखी आहे. 1943 मध्ये एका सहकाऱ्याने नवऱ्याचे सोंग घेऊन पोलीस ठाण्यासमोर त्यांना मारझोड केली. शिपाई भांडण सोडवावयास बाहेर आले, आणि तेवढ्यात इतरांनी ठाण्यातील बंदुका लांबविल्या. पी. साईनाथ यांच्या ‘द लास्ट हीरोज’ (2022) या ग्रंथात हौसाबाई आहेत. एरवी ही हकिकत गनिमी काव्याचा गमतीदार मासला म्हणूनच सांगितली जाते. परंतु मार खाणाऱ्या बायकोचा राजकारणाशी काय संबंध, या शिपायांच्या समजावरच तो सारा बेत उभारलेला होता. सरकारला फसविण्यासाठी वापरलेला हा समज पुढे चळवळीच्या चरित्रकारांनीच खरा मानावा, हे विलक्षण होय! भूमिगतास आसरा देणे म्हणजे तुरुंगवास आणि जप्ती ओढवून घेणे होते. तरीही त्यास ‘सेवा’ म्हणावयाचे, आणि तोच निरोप पुरुषाने पोचविला तर ‘कार्य’.

इंदुताई पाटणकर यांचे उदाहरण याहून बोलके आहे. कराड तालुक्यातील इंदोलीत 1925 साली जन्मलेल्या इंदुताई तरुणपणीच घर सोडून चळवळीत आल्या. बाबूजी पाटणकरांशी त्यांचा विवाह 1946 मध्ये झाला. म्हणजे कार्यकर्ती आधी, पत्नी मागाहून. ओळख करून देताना मात्र क्रम उलटतो. 1952 मध्ये बाबूजींचा खून झाला. त्यानंतर इंदुताईंनी शिक्षिकेची नोकरी करून मुलास वाढविले, आणि उतारवयात परित्यक्ता स्त्रियांच्या लढ्यात त्या उभ्या राहिल्या. हा उत्तरार्ध प्रतिसरकारशी असंबद्ध समजून परिशिष्टात ढकलला जातो. वस्तुतः घरातील अन्याय चव्हाट्यावर आणून त्याचा निवाडा करणे हे प्रतिसरकारचेच एक काम होते. फरक इतकाच की, या खेपेस निवाडा मागणाऱ्याही स्त्रियाच होत्या आणि लढा चालविणाऱ्याही.