चाल कोणाची? केशवराव भोळे आणि माझ्या प्रकरणातली एक चूक

'आधी बीज एकले' हा तुकोबांचा अभंग आहे असं तुम्हाला वाटत असेल, तर तुम्ही एकटे नाही. भजनात तो मी इतर अभंगांच्या रांगेतच ऐकलाय. पीएचडीला लागेपर्यंत मलाही कधी शंका आली नव्हती. शब्द शांताराम आठवल्यांचे, चाल केशवराव भोळ्यांची, आणि जन्म १९३६ सालचा, प्रभातच्या 'संत तुकाराम' या चित्रपटातला.

लोकांनी चाल थेट संताच्या खात्यात जमा करावी, याहून मोठी पावती संगीतकाराला कोणती मिळणार? फक्त त्या पावतीवर त्याचं नाव नसतं. गोविंदराव टेंबे, मास्तर कृष्णराव ही नावं अजून घेतली जातात. भोळे मात्र बऱ्याच जणांना ज्योत्स्नाबाईंचे पती म्हणूनच माहीत असतात.

माणूस आपल्या विदर्भातला. १८९६ साली अमरावतीत जन्म. डॉक्टरकीचं शिक्षण सोडून गाण्याकडे वळला. 'एकलव्य' आणि 'शुद्ध सारंग' या टोपणनावांनी संगीतसमीक्षा लिहिली. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

तेव्हाच्या संगीत नाटकात गाणं म्हणजे नाटकातली छोटी मैफलच. नट गायला लागला की कथा बाजूला उभी राहायची. ताना, वन्स मोअर, पुन्हा ताना. १९३३ साली 'नाट्यमन्वंतर'ने श्री. वि. वर्तकांचं 'आंधळ्यांची शाळा' आणलं. त्यात भोळ्यांनी मोजकीच, आटोपशीर गाणी दिली. ज्योत्स्नाबाईंची बिंबा गाते ती तिच्या मनात काही चाललंय म्हणून. १९३७ च्या 'कुंकू'त तर पार्श्वसंगीतच नाही, घरातल्या खऱ्या आवाजांवर भागवलंय. त्याच चित्रपटात शांता आपटे लाँगफेलोची इंग्रजी कविता गातात, ती चालही भोळ्यांचीच.

हे सगळं मांडून मी प्रकरणाच्या पहिल्या खर्ड्यात ठोकून दिलं होतं : 'गाणं कथेच्या ताब्यात आलं, हा मराठी नाट्यसंगीताचा विकास होय.' वाक्य मला फार आवडलं होतं.

मग दिवाळीनंतर मंडईचे दिवस आले. चिचगडच्या आसपासच्या एका गावात झाडीपट्टीचं नाटक बघायला गेलो. ऑर्गन, तबला, रात्रभराचा खेळ, अंगावर चादरी घेऊन बसलेलं अख्खं गाव. नायिकेचं गाणं झालं, वन्स मोअर आला, ती पुन्हा गायली. माझ्या हिशेबाने कथा थांबली होती. पण माझ्या मागच्या बाया त्या दुसऱ्या खेपेला बोलत होत्या, ते सगळं त्या नायिकेबद्दल. तिनं माहेरी परतावं की नाही, यावर त्यांचा जोरदार वाद चालला होता. म्हणजे कथा थांबली होती मंचावर. मांडवात ती चालूच होती.

घरी येऊन 'विकास' हा शब्द खोडला. भोळ्यांची पद्धत हे एक उत्तर आहे, बंदिस्त नाट्यगृहासाठी आणि कॅमेऱ्यासाठी शोधलेलं. ती काही शिडीची वरची पायरी नव्हे.

मग भोळ्यांचं मोठेपण कशात? 'संत तुकाराम'ची सुरुवात पुन्हा बघा. तुकाराम विठ्ठलासमोर बसून गातो, साधं, जवळजवळ स्वतःशीच. लगेच पुढे सालोमालो देवळात तीच रचना स्वतःची म्हणून खपवतो, नाटकी ढंगात, लचकत, मुरडत. शब्द तेच. पण चोर कोण हे संवादाआधी चाल सांगते. गाणी किती आणि केवढी हा मुद्दाच नाही. हे गाणं नेमकं कोणाचं, हे भोळ्यांना पक्कं ठाऊक असायचं. आणि ही कसोटी झाडीपट्टीच्या मंचावरही तितकीच लागू पडते.

इथेच एक तक्रारही नोंदवतो. जुन्या नाट्यगायकीचा ढंग भोळ्यांनी उचलून ढोंग्याच्या गळ्यात घातला. प्रेक्षक हसतात, आणि त्या हसण्यात एक अख्खी परंपरा खोटी ठरते. संगीतकाराच्या खुर्चीत इथे समीक्षक एकलव्य बसलाय, आणि तो काही तटस्थ नाही. गंमत अशी की सालोमालोचं गाणं ऐकायला मस्तच वाटतं. ज्या शैलीवर टीका करायची, तीही त्यांना मनापासून येत होती.

प्रकरण आता नव्याने लिहितोय. तोवर तुम्ही ती पहिली काही मिनिटं डोळे मिटून ऐका, आणि तुकाराम कोणता ते फक्त चालीवरून ओळखता येतं का, ते मला कळवा.