गोखले, कमलाबाई
गोखले, कमलाबाई : (जन्म १९००). मराठी रंगभूमीवरील अभिनेत्री व भारतीय मूकपटातील आद्य नायिका. माहेरचे आडनाव कामत. बालवयापासून त्या नाटकमंडळ्यांत वावरल्या. दादासाहेब फाळके यांच्या मोहिनी भस्मासुर (१९१३) या मूकपटात त्यांनी मोहिनीची आणि त्यांच्या मातोश्री दुर्गाबाई कामत यांनी पार्वतीची भूमिका केली. या भूमिकेमुळे त्यांचे नाव चित्रपटाच्या इतिहासात कायम झाले. परंतु ‘पहिली’ या बिरुदापलीकडे तिचा विचार फारसा झालेला नाही.

शाकुंतलापासून (१८८०) संगीत नाटकात स्त्रीभूमिका प्रायः पुरुषच करीत आणि तेथे नटाचा खरा कस गाण्यात लागे. सुरेल गळा असला, म्हणजे वय व बांधा यांकडे प्रेक्षक काणाडोळा करीत. मूकपटाने गाणेच काढून घेतले. राजा हरिश्चंद्रातील (१९१३) नायक दत्तात्रय दामोदर दाबके हे रंगभूमीवरून आले, पण तारामती झालेले अण्णा साळुंके खाणावळीत काम करणारे होते. गळ्याची गरज उरली नसल्याने स्त्रीवेषाला नाटकातील तालीमही आवश्यक राहिली नाही. या भूमिकेसाठी फाळक्यांना स्त्री मिळाली नव्हती. वेश्यांनीही नकार दिला होता. पुढच्याच चित्रपटात त्यांना दोन स्त्रिया मिळाल्या, त्या मात्र नाटकातल्या.

मोहिनी ही स्त्री नव्हे, तर स्त्रीरूप घेतलेला विष्णू होय. पुरुषाने स्त्रीचे सोंग घेण्याच्या या कथेसाठी साळुंक्यांसारखा नट अधिक साजला असता, असे कोणीही म्हणेल. फाळक्यांनी ती एका मुलीला दिली. मोहिनी नाचते, भस्मासुर तिची नक्कल करतो आणि अखेर स्वतःच्याच मस्तकावर हात ठेवून भस्म होतो. सारा प्रसंग अंगविक्षेपांतून उलगडणारा असल्यामुळे शब्द व सूर यांची उणीव येथे सर्वांत कमी भासावी. चित्रपट आज उपलब्ध नसल्याने कमलाबाईंच्या अभिनयाविषयी निर्णय देता येत नाही, परंतु त्यांच्यासाठी झालेली प्रसंगाची निवड अचूक होती, यात शंका नाही.

असाच एक योग जपानमध्ये आढळतो. तेथील काबुकी रंगभूमीवर १६२९ पासून स्त्रियांना मज्जाव होता. १८९९ मध्ये चित्रित झालेल्या मोमिजिगारी या लघुपटात नववे इचिकावा दान्जुरो यांनी राजकन्येचे रूप घेतलेल्या राक्षसिणीची भूमिका केली. चित्रण उघड्यावर झाले आणि वाऱ्याने त्यांच्या हातचा पंखा उडाला; ते दृश्य तसेच राहिले. काबुकीतील ठाम, थांबून घेतलेल्या मुद्रा कॅमेऱ्याला मानवल्या, आणि तेथे संवाद बोलण्यास पडद्याशेजारी निवेदकही असे. परिणामी स्त्रीवेषधारी नट जपानी पडद्यावर १९२० नंतरही काही काळ टिकले. त्यांपैकी तेइनोसुके किनुगासा हे पुढे मान्यवर दिग्दर्शक झाले.

महाराष्ट्रात स्त्री पडद्यावर लवकर आली, तरी एका चित्रपटाने परंपरा मोडत नाही. लंकादहनात (१९१७) राम व सीता या दोन्ही भूमिका साळुंक्यांनीच केल्या. बाबूराव पेंटर यांच्या सैरंध्रीत (१९२०) पुन्हा स्त्रिया दिसतात. कमलाबाई तोवर रंगभूमीकडे परतल्या होत्या. रघुनाथराव गोखले यांच्याशी विवाह झाल्यावर त्यांनी स्त्रीभूमिकांबरोबर पुरुषभूमिकाही केल्या. म्हणजे, ज्या कलेत पुरुषाने स्त्री व्हावे, त्याच कलेत ही अभिनेत्री पुरुष झाली. इतिहासकारांनी या गोष्टीची दखल मोहिनीइतकी घेतलेली नाही, हे खेदजनक होय. तरुण वयात वैधव्य आल्यावर नाटकाच्याच बळावर त्यांनी तीन मुलांचा सांभाळ केला. चंद्रकांत गोखले हे त्यांपैकी एक. नट विक्रम गोखले हे नातू.

बोलपट आल्यावर त्या चित्रपटांकडे पुन्हा वळल्या. गहराई (१९८०) हा त्यांचा अखेरच्या काळातील चित्रपट. रीना मोहन यांच्या कमलाबाई (१९९१) या माहितीपटात नव्वदीच्या घरातील कमलाबाई आपल्या जुन्या नाटकांतील भाषणे म्हणून दाखवतात.