मराठी चित्रपटाचा कान

मराठी बोलपट येऊन जेमतेम पाच वर्षे झाली होती. पहिला, 'अयोध्येचा राजा', १९३२ सालचा. पडदा बोलतो, गातो याचेच तेव्हा अप्रूप. अशा काळात, १९३७ मध्ये, व्ही. शांताराम यांनी 'कुंकू'त पार्श्वसंगीत ठेवलेच नाही. विजोड लग्न झुगारणारी नीरा आणि वयस्क काकासाहेब यांच्यातला ताण घरातल्या साध्या आवाजांवर तोलला. त्यामुळे नीरेचे गप्प राहणेही ऐकू येते.

'कुंकू' काढणाऱ्या प्रभात फिल्म कंपनीतच वर्षभर आधी 'संत तुकाराम' झाला होता. त्याच्या दोन दिग्दर्शकांपैकी विष्णुपंत दामले ध्वनिमुद्रणातले जाणकार, तर फत्तेलाल कलादिग्दर्शक. कान आणि डोळा शेजारी बसून चित्रपट करत होते.

हा शेजार पुढे सुटला. आजच्या बहुतेक मराठी चित्रपटांत डोळ्यांत पाणी यायच्या आत व्हायोलिन सुरू होते, आणि काय वाटून घ्यायचे ते प्रेक्षकाला चेहऱ्याआधी वाद्यवृंदाकडून कळते. संगीत वाईट असते असे नाही. ते थांबत नाही, ही खरी तक्रार.

नागराज मंजुळे यांना थांबणे कळते. 'सैराट'चा (२०१६) पूर्वार्ध अजय-अतुल यांच्या लॉस एंजेलिसमध्ये ध्वनिमुद्रित झालेल्या सिम्फनीने ओसंडून वाहतो. शेवटी प्रेमी जोडप्याचा लहानगा घरात येतो, रक्तात पडलेल्या आईवडिलांना पाहतो आणि रडत बाहेर पडतो. रडणे दिसते, ऐकू येत नाही. मागे रक्ताची इवली पावले उमटत जातात. ती सिम्फनी एवढी भरगच्च नसती, तर ही शांतता एवढी जिव्हारी लागली नसती. 'फँड्री'त (२०१३) उलट आवाजच घाव घालतो: डुकरामागे धावणारे कुटुंब शाळेतले राष्ट्रगीत कानी पडताच जागच्या जागी ताठ उभे राहते. त्या उभे राहण्यात जे आहे, ते कोणत्याही भाषणात मावले नसते.

चैतन्य ताम्हाणे तर चित्र आणि ध्वनी यांना वेगवेगळ्या वाटांनी पाठवतात. 'द डिसायपल'मध्ये (२०२०) गाणे शिकणारा शरद रात्री रिकाम्या मुंबईतून मोटारसायकलवर संथपणे तरंगत जातो. कानात गुरूच्या गुरू माईंची व्याख्याने, खाली तानपुरा. माई कधीच दिसत नाहीत. त्यांचा आवाज दिग्दर्शिका सुमित्रा भावे यांचा. डोळ्यांना मोकळा रस्ता आणि कानाला साधनेची कठोर अट, अशी शरदची कोंडी एकाच दृश्यात उभी राहते.

त्यांच्याच 'कोर्ट'मध्ये (२०१४) सुट्टीआधीचे कामकाज संपते, माणसे पांगतात, दिवे एकेक करून मालवले जातात. कॅमेरा हलत नाही. पडदा काळा होतो आणि तसाच राहतो. चित्रपट संपला असेच वाटते. मग एकदम उजेड, न्यायाधीशांची सहल, दुपारी बाकावर लागलेली त्यांची डुलकी, आणि त्यांना दचकवणारी मुलांची किंकाळी.