जोहरा सेहगल : कौतुकापलीकडची अभिनेत्री

जोहरा सेहगल यांच्याविषयी आपल्याकडे जे लिहिले गेले, त्यातले बरेचसे त्यांच्या वयाविषयी आहे. सहारनपूरच्या रोहिला पठाण घराण्यात २७ एप्रिल १९१२ रोजी जन्म आणि १० जुलै २०१४ रोजी दिल्लीत निधन, असे १०२ वर्षांचे आयुष्य त्यांना लाभले. नव्वदी उलटूनही कॅमेऱ्यासमोर उभी राहणारी ही स्त्री पाहून लोक थक्क होत आणि तेथेच थांबत. आमचे म्हणणे असे की, या कौतुकाने त्यांच्या अभिनयावर पडदाच टाकला. वयाचे नवल करणे सोपे असते. कामाचे मोल करायचे तर काम पाहावे लागते.

या कामामागे कठोर तालीम होती. लाहोरच्या क्वीन मेरी कॉलेजनंतर जोहरा जर्मनीत ड्रेस्डेनला गेल्या व मेरी विगमन यांच्या संस्थेत आधुनिक नृत्य शिकल्या. १९३५ मध्ये त्या उदय शंकर यांच्या पथकात दाखल झाल्या. पुढे १९४५ पासून चौदा वर्षे मुंबईच्या पृथ्वी थिएटर्समध्ये त्यांनी काढली. फाळणीच्या आगेमागे ‘दीवार’, ‘पठाण’, ‘गद्दार’ अशी नाटके घेऊन पृथ्वीराज कपूर यांची ही मंडळी देशभर फिरत होती. तेथे प्रमुख नायिका होती त्यांची धाकटी बहीण उझरा. जोहरा नृत्ये बसवीत आणि बहुधा दुय्यम भूमिका करीत. दोन-चार वाक्यांत माणूस उभा करण्याची कला त्यांना या फिरस्तीत साधली, असे आम्हांस वाटते.

पतीच्या निधनानंतर १९६२ मध्ये नाट्यशिक्षणाची शिष्यवृत्ती घेऊन त्या लंडनला गेल्या, तेव्हा वय पन्नास होते. तेथील दूरचित्रवाणीवर आशियाई नटीला किती जागा होती, याचा एकच दाखला पुरे. १९६५ मध्ये बीबीसीच्या ‘डॉक्टर हू’ या मालिकेत ‘द क्रुसेड’ ही कथा आली. तिच्यात सुलतान सलाहुद्दीन अय्युबी होते, त्यांचा दरबार होता. पण सलाहुद्दीन झाले बर्नार्ड के हे इंग्रज नट. उर्दू जिच्या घरची भाषा, युरोपात जिने नृत्याचे शिक्षण घेतले, त्या जोहरांच्या वाट्याला एक किरकोळ भूमिका आली. आपल्या इतिहासातले नायक दुसऱ्यांनी रंगवायचे आणि आपण मागे उभे राहायचे, अशी ती रीत होती. जोहरांनी तक्रारीत वेळ न दवडता मिळेल ते काम केले.

त्याचे फळ १९८४ मध्ये मिळाले. पॉल स्कॉट यांच्या कादंबऱ्यांवरील ग्रॅनाडाच्या ‘द ज्युएल इन द क्राउन’ या चौदा भागांच्या मालिकेत त्या लेडी चॅटर्जी झाल्या. इंग्रज राजवटीच्या अखेरच्या वर्षांतली ही प्रतिष्ठित विधवा. तिच्या घरी राहणाऱ्या इंग्रज मुलीवर अत्याचार होतो, गाव दुभंगते आणि दोन्ही समाजांच्या मधोमध ही बाई उभी राहते. येथे जोहरा आवाज चढवीत नाहीत. ताठ बसणे, क्षणभर थांबणे, सौजन्य न सोडता समोरच्याला त्याची जागा दाखवणे, एवढ्यावर भूमिका तोलली आहे. नर्तकीच्या शरीराची शिस्त येथे अभिनयाच्या कामी आली. गुरिंदर चढ्ढा यांच्या ‘भाजी ऑन द बीच’ (१९९३) मध्ये तर त्यांनी तरुण मुलींना नावे ठेवणारी कर्मठ म्हातारी रंगवली. प्रेक्षकांनी आपल्यावर माया करावी असा हट्ट तेथे दिसत नाही.

आणि हिंदी सिनेमाने काय केले? ‘दिल से’ (१९९८), ‘हम दिल दे चुके सनम’ (१९९९), ‘चीनी कम’ (२००७) यांतून त्यांना घरातली मिश्कील वृद्धा करून टाकले. त्या प्रसंगांत गोडवा आहे, टायमिंग अचूक आहे, हे आम्ही नाकारत नाही. पण ज्या नटीने लेडी चॅटर्जी पेलली, तिच्याकडे मागायला आपल्या दिग्दर्शकांजवळ एवढेच होते काय? १९९३ मध्ये लाहोरच्या अजोका थिएटरने शाहिद नदीम लिखित ‘एक थी नानी’ हे नाटक केले, तेव्हा जोहरा आणि पाकिस्तानात स्थायिक झालेल्या उझरा पुन्हा एका रंगमंचावर आल्या. म्हाताऱ्या बाईंभोवती पुरे नाटक उभे राहू शकते, हे त्या प्रयोगाने दाखवले. मुंबईने त्यापासून काही घेतले नाही.

२०१० मध्ये त्यांना पद्मविभूषण मिळाले. सन्मान योग्यच होता. मात्र आपल्या समाजातल्या ज्या मुली आज नाटकाकडे, पडद्याकडे वळू पाहतात, त्यांना जोहरांच्या दीर्घायुष्याच्या गोष्टी सांगून भागणार नाही. आयुष्य कुणाच्या हाती नसते. त्यांना सांगावी ती ड्रेस्डेनची मेहनत, पृथ्वीची चौदा वर्षे आणि पन्नाशीत परक्या शहरात नव्याने केलेली सुरुवात. यातले थोडे तरी कुणालाही आपलेसे करता येईल.