हसता हसता वाचणं: ‘द इलेक्ट्रिक कंपनी’विषयी

मंडळी, मुलांना वाचनाची गोडी लावायची म्हटलं की आपण फायदे सांगायला लागतो. ज्ञान वाढतं, भाषा सुधारते, वगैरे. आज आपण ज्या मालिकेविषयी बोलतो आहोत, तिने हा मार्ग टाळला. अमेरिकेतली ‘द इलेक्ट्रिक कंपनी’, 1971 ते 1977. ‘सेसमी स्ट्रीट’ काढणाऱ्या संस्थेचीच ही निर्मिती. पण ती होती शाळेत जाऊनही वाचताना अडखळणाऱ्या, साधारण सात ते दहा वर्षांच्या मुलांसाठी. अशा मुलाला वाचन म्हणजे चारचौघांत फजिती. त्याला फायदे काय सांगणार?

मालिकेने त्याला हसवलं. पडद्यावर दोन चेहऱ्यांच्या सावल्या समोरासमोर येतात. एक म्हणते ‘श्’, दुसरी म्हणते ‘इप’, आणि मधे ‘शिप’ हा शब्द जुळतो. 1974पासून त्यात स्पायडरमॅन आला, तो तर तोंडाने बोलतच नाही! त्याचं म्हणणं फुग्यात लिहून येतं. ते वाचलं नाही, तर त्याचं बोलणंच हुकलं. म्हणजे इथे वाचन ही गंमत कळण्याची अट आहे, गंमतीनंतर चिकटवलेला बोध नव्हे. ॲरिस्टॉटल सद्गुणांबद्दल हेच सांगतो: ते नुसत्या उपदेशाने येत नाहीत, कृती करत करत अंगी बाणतात.

आणि मॉर्गन फ्रीमनने केलेला ‘ईझी रीडर’ बघा. छापलेलं काहीही दिसलं की हा वाचणार. परीक्षेसाठी नाही, नोकरीसाठी नाही. त्याला राहवत नाही म्हणून. वाचनाचं प्रेम म्हणजे काय, याची इतकी नेमकी व्याख्या आम्हाला कुठल्या भाषणात सापडलेली नाही.

आता उणीव. हे सगळं शब्दांवर, छोट्या वाक्यांवर चालतं. पुस्तकाला लागतो तो संथपणा, एकटेपणा, मधला कंटाळासुद्धा, या झटपट प्रहसनांत बसत नाही. मालिका मुलाला दारापर्यंत आणते. आत नेणारं माणूस घरात, शाळेत असावं लागतं.

आपल्याकडे 15 ऑक्टोबरला वाचन प्रेरणा दिन असतो. त्या दिवशी मुलांपुढे वाचनावर भाषण करण्याऐवजी एखादा विनोदी उतारा त्यांच्याच हातात द्यावा आणि आपण जरा गप्प बसावं. हसू आलं, तर मूल पुढचं पान स्वतःच उलटेल.