शेवटच्या पर्वापासून काय मागावें?

कोणतीहि दीर्घ कथा शेवटास येऊं लागली म्हणजे वाचकाच्या मनांत दोन अपेक्षा उभ्या राहतात. पहिली कुतूहलाची: लपविलेलें गुपित काय होतें, खलाचें पारिपत्य कसें झालें, नायक सुटला कीं नाहीं. दुसरी अपेक्षा तितकीशी बोलकी नसते. कथेनें आरंभीं जो प्रश्न आपल्यापुढें टाकला त्याचें उत्तर तिनें द्यावें, आणि तें कथेच्याच पोटांतून निघावें, अशी ती अपेक्षा. पहिली पुरी करणारे लेखक पुष्कळ, दुसरी पुरी करणारे थोडे. 'स्क्विड गेम' ही जगभर गाजलेली कोरियन चित्रमालिका २७ जून २०२५ रोजीं तिसऱ्या पर्वानें समाप्त झाली. ज्या घरीं हें पर्व अद्याप पाहिलें गेलें नाहीं, तेथें 'यांत काय पाहावयास मिळेल?' असें विचारलें जातें. काय मिळेल यापेक्षां काय मागावें हें आधीं ठरविलें, तर या शेवटाचें मोल नीट करतां येईल, असें आम्हांस वाटतें. मात्र कथानक झांकून हा विचार करणें शक्य नाहीं. ज्यांस कुतूहलाचें सुख राखून ठेवावयाचें असेल, त्यांनीं मालिका आधीं पाहावी व मग या लेखाकडे वळावें.

मूळ कल्पना थोडक्यांत सांगतां येण्याजोगी आहे. कर्जानें गळ्यापर्यंत बुडालेलीं ४५६ माणसें एका बेटावर आणलीं जातात. तेथें त्यांस लहान मुलांचे खेळ खेळावयाचे असतात: भावलीनें मान वळवितांच जागच्या जागीं थांबणें, साखरेच्या पापडीवरील आकृति न मोडतां कोरून काढणें, रस्सीखेच, गोट्या. जो हरेल तो मरेल. प्रत्येक मेलेल्या माणसामागें १० कोटी वोन बक्षिसाच्या रकमेंत पडतात. म्हणजे एकूण ४५६० कोटी वोन. मालिकेचें नांव ज्या खेळावरून पडलें, तो कोरियांतील मुलें जमिनीवर माकूल नांवाच्या जलचराची आकृति आंखून खेळत असत. खेळाडूंच्या छातीवर नांव नसतें, केवळ आंकडा असतो. मुखवटे घातलेले कांहीं धनिक हा सर्व प्रकार मद्याचे घोंट घेत पाहतात आणि पैजा लावतात.

ही कल्पना हवेंतून आलेली नाहीं. लेखक-दिग्दर्शक ह्वांग डोंग-ह्योक यांनीं तिचा पहिला आराखडा २००८-०९ च्या सुमारास, स्वतः आर्थिक अडचणींत असतांना तयार केला, आणि सुमारें दहा वर्षें तो कोणीं स्वीकारला नाहीं. नायक सोंग गी-हुन हा मोटारींच्या कारखान्यांतून काढून टाकलेला कामगार आहे. त्याच्या पूर्वायुष्यामागें २००९ सालीं प्यॉंगटेक येथें सांगयोंग मोटार कंपनींत झालेला ७७ दिवसांचा संप उभा आहे. पहिलें पर्व १७ सप्टेंबर २०२१ रोजीं नेटफ्लिक्सवर प्रसिद्ध झालें, तेव्हां दक्षिण कोरियांतील कुटुंबांच्या डोक्यावरील एकूण कर्ज त्या देशाच्या वार्षिक राष्ट्रीय उत्पन्नाहून अधिक होतें. म्हणूनच त्या पर्वांतील सर्वांत भयंकर प्रसंग रक्तपाताचा नाहीं. खेळ सोडून जाण्याचा ठराव बहुमतानें संमत होतो, माणसें आपापल्या घरीं पोंचतात, आणि थोड्याच दिवसांत बहुतेक जण आपल्या पायांनीं परत येतात, हा तो प्रसंग होय. बेटावरचें मरण त्यांस घरच्या जगण्याहून कमी असह्य वाटतें. एवढें एक दाखवून लेखकानें साध्या भयकथेची वेस ओलांडली.

कथेचा खरा प्रश्न मात्र पहिल्या पर्वाच्या अखेरीस विचारला जातो. या खेळाचा जनक ओ इल-नाम हा म्हातारा मृत्युशय्येवर पडला आहे. नाताळच्या आदल्या रात्रीं खालीं रस्त्यावर एक निराधार मनुष्य थंडीनें काकडत असतो. मध्यरात्रीपूर्वीं कोणी तरी त्याच्या मदतीस येईल काय, अशी पैज म्हातारा गी-हुनशीं लावतो. मदत येते, पण जिंकल्याचें सांगावयास गी-हुन वळतो, तों म्हाताऱ्याचे प्राण गेलेले असतात. लाभाची आशा नसतांना मनुष्य मनुष्यासाठीं कांहीं करील काय, हा तो प्रश्न. उत्तर मिळालें खरें, पण तें रस्त्यावरून, खिडकीच्या पलीकडून मिळालें. खेळाच्या आंतून मिळालें नाहीं. दुसऱ्या व तिसऱ्या पर्वाकडून आम्हीं जें मागावें तें हेंच: तोच प्रश्न खेळाच्या भिंतींच्या आंत, जेथें प्रत्येक दयेची किंमत पैशांत मोजली जाते तेथें, पुन्हां विचारला जावा.

ज्यांस खलाचें पारिपत्य हवें होतें, त्यांनीं ह्वांग यांच्या पूर्वीच्या कृतींकडे पाहिलें असतें तर त्यांची निराशा टळती. २०११ सालच्या 'सायलेन्स्ड' या त्यांच्या चित्रपटांत मूकबधिर मुलांच्या शाळेंत झालेल्या अत्याचारांची सत्यघटनेवर आधारलेली कथा आहे. त्यांत अपराधी जवळजवळ मोकळे सुटतात. पण चित्रपट पाहून लोक इतके खवळले कीं त्याच वर्षीं कोरियांत कायदा बदलला गेला. २०१७ सालच्या 'द फोर्ट्रेस' मध्यें १६३६ च्या वेढ्यांत सांपडलेल्या राजापुढें लढावें कीं शरण जावें असा पेंच आहे. तेथेंहि अखेरीस विजयाचा नगारा वाजत नाहीं. पडद्यावर न्याय करून प्रेक्षकास समाधानानें घरीं धाडणें हा या दिग्दर्शकाचा स्वभावच नव्हे. तो न्यायाचें काम नाट्यगृहाबाहेर ठेवून देतो.

२६ डिसेंबर २०२४ रोजीं आलेल्या सात भागांच्या दुसऱ्या पर्वांत गी-हुन खेळ बंद पाडण्याच्या निश्चयानें पुन्हां आंत शिरतो. येथें प्रत्येक खेळानंतर मतदान होतें, आणि पहिल्या दोन्ही वेळीं बहुमत आणखी एका खेळाच्या बाजूनें पडतें. पण आम्हांस या पर्वांतील एक छोटा प्रसंग अधिक महत्त्वाचा वाटला. रात्रीं दोन पक्षांत मारामारी होणार हें गी-हुनला आधींच कळतें. आपल्या माणसांनीं बिछान्यांखालीं लपून राहावें, कांहीं लोक मरतील ते मरोत, मागाहून पहारेकऱ्यांच्या बंदुका हिसकावतां येतील, असा बेत तो करतो. खेळाचा सूत्रधार इन-हो वेष पालटून खेळाडू म्हणून त्याच्या शेजारींच बसलेला असतो. पुष्कळांच्या हितासाठीं थोडक्यांचा बळी द्यावयाचा काय, असें तो त्याला विचारतो. नायक आतां आयोजकांचेंच अंकगणित बोलूं लागला आहे, हें तो ओळखून असतो. पुढें बंड फसतें, गी-हुनचा जिवलग मित्र त्याच्या डोळ्यांदेखत मारला जातो, आणि तिसऱ्या पर्वाच्या आरंभीं तो सूडानें आंधळा होऊन एका भेदरलेल्या तरुणाचा स्वतःच्या हातांनीं गळा दाबतो. ज्यानें माणसावर विश्वास ठेवावयाचा, तोच खुनी झाला. ज्यांस नायक निष्कलंक हवा असतो, त्यांस हें रुचणार नाहीं. परंतु याशिवाय पुढच्या शेवटास वजन आलें नसतें.

सहा भागांच्या या अंतिम पर्वाचा आत्मा लपंडावाच्या खेळांत आहे. अर्ध्यांच्या हातीं सुरे, अर्ध्यांच्या हातीं किल्ल्या. सुरेवाल्यानें एकाचा तरी जीव घेतलाच पाहिजे, नाहीं तर स्वतः मरावयाचें. या धुमाळींत जुन-ही ही तरुणी प्रसूत होते. गम-जा या वृद्धेचा मुलगा योंग-सिक यानें अजून कोणास मारलेलें नसतें; वेळ संपत येते आणि तो त्या बाळंतिणीवर सुरा उगारतो. तेव्हां त्याची आई आपल्या केंसांतली अणकुचीदार पिन काढून पोटच्या मुलाला भोंसकते. तिनें परक्याचें मूल वांचविलें आणि आपल्या मुलाला खुनी होण्यापासून वांचविलें. पण स्वतःला ती क्षमा करूं शकत नाहीं व गळफास घेते. मरण्यापूर्वीं त्या मायलेंकरांचा भार ती गी-हुनवर टाकते. सूडानें बधिर झालेला नायक तेथून पुन्हां माणसांत येऊं लागतो. मालिकेंत मृत्यु शेंकड्यांनीं आहेत, पण करुणरस म्हणतां येईल असे प्रसंग मोजके आहेत. त्यांत आम्ही हा अग्रभागीं ठेवूं.

पुढें पाय मोडलेली जुन-ही मरते, आणि मुखवटेवाले पाहुणे गंमत म्हणून तिच्या अर्भकालाच खेळाडू ठरवितात. आईचा २२२ हा आंकडा त्या तान्ह्या मुलीचा होतो. खेळाचें गणित याहून उघडें कधींच पडलें नव्हतें. ज्या जीवाला अजून नांवहि नाहीं त्याला आंकडा आहे, व त्याच्या मरणाला भाव आहे. अंतिम फेरीच्या आदल्या रात्रीं इन-हो गी-हुनला सुरा देतो आणि झोंपलेल्या प्रतिस्पर्ध्यांना संपवावयास सुचवितो. स्वतः इन-हो एके काळीं याच मोहाला बळी पडून जिंकलेला असतो. गी-हुनचा हात वर होतो आणि खालीं येतो. शेवटीं उंच खांबावर तो आणि तें मूल एवढींच उरतात; फेरी पुरी होण्यास एकाचा मृत्यु हवा. आपण घोडे नाहीं, माणसें आहोंत, एवढें तो पाहणाऱ्यांस सुनावतो. माणसें म्हणजे काय हें सांगूं लागतो आणि वाक्य अर्धेंच ठेवून स्वतःला खालीं लोटून देतो.

नायक जिवंत राहून परदेशांतील आपल्या मुलीला भेटतो, असा शेवट आपल्या मनांत आधीं होता असें ह्वांग यांनीं सांगितलें आहे. तो सोडून दिला हें चांगलें झालें. म्हाताऱ्याच्या पैजेचें उत्तर आतां खिडकीबाहेरून येत नाहीं, खेळाच्या मधोमध दिलें जातें. आणि तें शब्दांनीं पुरें होत नाहीं, कृतीनें होतें. ज्यानें बळींची बेरीज-वजाबाकी केली होती, त्यानेंच शेवटीं बेरजेंत न बसणारें कृत्य केलें. ली जंग-जे या नटास पहिल्या पर्वाबद्दल २०२२ सालीं एमी पारितोषिक मिळालें होतें. पण येथें जवळजवळ निःशब्द राहून त्यानें जें साधलें आहे, तें आम्हांस अधिक कठीण वाटतें.

असो. दोषांकडे डोळेझांक करणें बरें नव्हे. सूत्रधाराचा भाऊ, पोलीस अधिकारी जुन-हो, दोन पर्वें बेट शोधीत समुद्रांत भटकतो आणि सर्व संपल्यावर पोंचतो. या उपकथानकानें वेळ खाल्ला, पण अर्थ दिला नाहीं. मुखवटेवाल्या धनिकांचीं भाषणें इतकीं कृत्रिम आहेत कीं त्यांच्या क्रौर्याची धास्ती वाटण्याऐवजीं कंटाळा येतो. मरणांची संख्या वाढली तशी त्यांची धार बोथट झाली. सर्वांत मोठा दोष अखेरच्या दृश्याचा. इन-हो लॉस एंजेलिस येथें गी-हुनच्या मुलीला त्याचा रक्ताळलेला पोषाख आणि उरलेला पैसा नेऊन देतो. येथें पडदा पडावयास हवा होता. त्याऐवजीं त्याच शहराच्या एका गल्लींत नवी बाई नव्या गरजवंतास खेळावयास लावीत असलेली दाखविली आहे. कर्जाला व मोहाला देशाची सीमा नाहीं, हा विचार म्हणून खरा. परंतु त्या क्षणीं लेखकाच्या आवाजाहून पुढच्या मालाची जाहिरात करणाऱ्या व्यापाऱ्याचा आवाज आम्हांस अधिक ऐकूं आला.

आणि या व्यापाऱ्याचा विचार टाळतां येत नाहीं. १९२१ सालीं बडोद्याच्या साहित्यसंमेलनांत न. चिं. केळकर यांनीं सविकल्प समाधीची कल्पना मांडली: वाचक दुसऱ्याच्या अनुभवांत शिरतो, पण आपलें स्वत्व सोडीत नाहीं, आणि या दुहेरी अवस्थेंतच वाङ्मयाचा आनंद असतो. ही मालिका पाहतांना आपण कोणाच्या अनुभवांत शिरतों? गी-हुनच्या, असें आपण म्हणूं. पण सुरक्षित खोलींत, सुखासनावर बसून, आतां कोण मरणार याचा अंदाज बांधणारा जो कोणी असतो, त्याच्याशींहि आपलें साम्य कांहीं कमी नाहीं. नोव्हेंबर २०२३ मध्यें नेटफ्लिक्सनेंच ४५६ खरे स्पर्धक आणि ४५ लाख ६० हजार डॉलरचें बक्षीस घेऊन याच खेळांची मरणावांचून खरोखरीची स्पर्धा भरविली. ज्या कथेनें हा बाजार निषेधिला, तिचाच त्या बाजारानें माल केला. अंतिम पर्व तर पहिल्या तीन दिवसांतच सहा कोटींहून अधिक वेळां पाहिलें गेलें.

म्हणून ज्या कुटुंबांत हें पर्व पाहावयाचें असेल, त्यांस आमचें सांगणें इतकेंच. कथा मुलांच्या खेळांची असली तरी ती मुलांसाठीं नाहीं. लहानांस तिच्यापासून दूर ठेवावें. प्रौढांनीं ती पाहावी, परंतु सूड व रहस्यभेद मागण्यासाठीं नव्हे. तें मागणारा रिकाम्या हातीं परतेल. मनुष्य मनुष्यासाठीं कांहीं करतो काय, या प्रश्नाचें उत्तर मागावें, तर तें येथें प्रामाणिकपणें दिलेलें आहे. गी-हुननें अर्धें ठेवलेलें वाक्य कोणत्याहि पुढच्या पर्वानें पुरें करूं नये. तें पाहणाऱ्यांनीं आपापल्या घरीं पुरें करावयाचें आहे.